बर्नार्ड शॉ : एक नाट्यसमीक्षक

(व्याख्यानाचा मजकूर)



बर्नार्ड शॉ म्हटले की पांढरी दाढी आणि चुटके एवढेच आपल्याला आठवते. पु. ल. देशपांडे यांची ‘ती फुलराणी’ ज्यांनी पाहिली असेल त्यांना मूळ नाटक शॉचे, हेही ठाऊक असेल. परंतु नाटककार म्हणून नाव होण्यापूर्वी हा माणूस दुसऱ्यांच्या नाटकांची परीक्षणे लिहून पोट भरत होता. मला आज त्या शॉविषयी बोलायचे आहे.

डब्लिन शहरातले ओढगस्तीचे घर. पंधराव्या वर्षी शाळा सुटली आणि जमीनजुमल्याचे व्यवहार पाहणाऱ्या एका कचेरीत कारकुनी नशिबी आली. १८७६ साली, वयाच्या विसाव्या वर्षी तो लंडनला आला. पाच कादंबऱ्या लिहिल्या, प्रकाशकांनी त्या परत पाठवल्या. कॉलेज नाही, पदवी नाही. ब्रिटिश म्युझियमचे वाचनालय हेच त्याचे विद्यापीठ. पुढे १९२० नंतरच्या लंडनच्या मुक्कामात बाबासाहेब याच वाचनालयात दिवसदिवस बसत, हे या सभेला मी सांगायला नको. तेथे विल्यम आर्चर या समीक्षकाला हा तरुण दिसला. समोर मार्क्सच्या ‘कॅपिटल’चे फ्रेंच भाषांतर आणि शेजारी वाग्नरच्या संगीतिकेची स्वरलिपी, दोन्हींचे वाचन आळीपाळीने चाललेले! आर्चरने ओळख करून घेतली आणि त्याला परीक्षणांची कामे मिळवून दिली.

जानेवारी १८९५ पासून ‘सॅटर्डे रिव्ह्यू’ या साप्ताहिकात शॉ नाटकांवर लिहू लागला. आठवड्याला पगार सहा पौंड. पहिल्याच पंधरवड्यात त्याची परीक्षा झाली. हेन्री जेम्स या मोठ्या कादंबरीकाराचे नाटक पहिल्याच प्रयोगाला प्रेक्षकांनी हुर्यो करून पाडले होते. लेखक रंगमंचावर आला तर त्यालाही सोडले नाही. शॉने त्या नाटकाची बाजू घेतली. गर्दीचा आवाज म्हणजे निकाल नव्हे, ही त्याची भूमिका तेव्हापासूनची.

त्याच वर्षी जूनमध्ये सारा बर्नहार्ट आणि एलिओनोरा डुझे या दोन विख्यात नट्या लंडनमध्ये एकच नाटक, एकच भूमिका करीत होत्या. शॉने दोघींची तुलना केली ती वाचण्यासारखी आहे. जुना प्रियकर समोर येतो तेव्हा डुझेचा चेहरा खरोखर लाल झाला, रंगाने नव्हे, लाजेने, हे त्याने प्रेक्षागृहातून टिपले. अभिनय म्हणजे काय हे सांगायला त्याला मोठे शब्द लागत नसत. डोळे उघडे ठेवले की पुरे.

आता जरा व्यवहाराची गोष्ट. त्या काळी थिएटरचे मालक समीक्षकांची नाटके ‘विकत’ घेत, म्हणजे आगाऊ रक्कम देत आणि नाटक कपाटात ठेवीत. लाचच ती, फक्त सभ्य वेषातली. हेन्री आयर्व्हिंग हा रंगभूमीचा राजा, सरदारकी मिळालेला पहिला नट. शॉचे एक छोटे नाटक त्याच्याकडे विचारार्थ पडून होते. अशा वेळी तुम्ही-आम्ही काय केले असते? शॉने १८९६ च्या अखेरीस आयर्व्हिंगच्या ‘रिचर्ड तिसरा’वर जसे वाटले तसे लिहिले. नाटक परत आले.

पण बड्यांवर टीका करणे त्या मानाने सोपे. आपल्या माणसावर करणे कठीण. जॅनेट अचर्च या नटीने १८८९ साली लंडनमध्ये इब्सेनची नोरा उभी केली. शॉ तिला फार मानत असे. ‘कॅन्डिडा’ हे नाटक त्याने तिलाच डोळ्यांपुढे ठेवून लिहिले. नव्या नाटकाच्या लढाईतली ती त्याची सहकारी. ती १८९७ मध्ये मँचेस्टरला क्लिओपात्रा झाली. शॉ तेथे गेला, प्रयोग पाहिला, आणि तो कसा फसला हे छापून मोकळा झाला. मैत्री होती म्हणून एक ओळही सौम्य केली नाही.

येथे मला माझीच एक गोष्ट सांगितली पाहिजे. एका एकांकिका स्पर्धेत मी परीक्षक होतो. आपल्याच वस्तीतल्या मुलांनी एकांकिका केली होती. विषय जळजळीत, पण संवाद म्हणजे भाषणे, आणि मुलगी पाठ फिरवून रडत होती. मी व्यासपीठावरून ‘अप्रतिम’ म्हणालो. टाळ्या पडल्या. पुढच्या वर्षी त्या मुलांनी तीच चूक दुप्पट आवाजात केली. दिग्दर्शक मुलगा मला नंतर म्हणाला, “सर, तुम्हाला दिसलं होतं ना?” माझ्याकडे उत्तर नव्हते.

शॉचे चुकलेही. ऑस्कर वाइल्डचे सर्वांत गाजलेले विनोदी नाटक त्याला हृदयशून्य वाटले. आज जग वाइल्डच्या बाजूने आहे. पण आपले मत त्याने कोणाकडून उसने आणले नव्हते. शेक्सपिअरबद्दलही त्याने अतिरेकी लिहिले, त्यात थोडा नाटकीपणा होता असे मला वाटते.

त्याच्या स्वतःच्या ‘मिसेस वॉरेन्स प्रोफेशन’ला सरकारी परीक्षकाने परवानगी नाकारली होती. वेश्याव्यवसायामागे दारिद्र्य आणि प्रतिष्ठितांचा पैसा असतो, एवढेच त्यात म्हटले होते. १८९३ मध्ये लिहिलेल्या त्या नाटकाचा इंग्लंडमधला परवान्यासह प्रयोग १९२५ साली झाला. ती नाट्यपरीक्षणाची सरकारी पद्धत तेथे १९६८ पर्यंत टिकली.

मे १८९८ मध्ये पायाच्या दुखण्याने शॉ अंथरुणाला खिळला. आठवड्यामागून आठवडे थिएटरच्या खुर्चीत काढून तो थकलाही होता. त्याने वाचकांचा निरोप घेतला आणि ती जागा मॅक्स बीअरबोम या तरुणाला मिळाली. साडेतीन वर्षांतले ते लेख पुढे तीन खंडांत निघाले. कोठे ग्रंथालयात सापडले तर डुझेवरचा लेख आधी काढून वाचा.