हातातील शस्त्राची ओळख : पिस्तूल आणि रिव्हॉल्व्हर
(सरपंच, तलाठी व शिक्षक यांच्यासमोर दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



सत्तरी, सांगे, काणकोण या भागांतील शेतकऱ्यांना बंदूक अपरिचित नाही. रानडुकरांपासून पीक राखण्यासाठी पिढ्यान्‌पिढ्या घरात असलेली ठासणीची किंवा काडतुसाची बंदूक तुमच्यापैकी अनेकांनी हाताळली असेल. ‘पिस्तूल’ आणि ‘काडतूस’ हे शब्दही मराठीत पोर्तुगीज भाषेतूनच आले. तथापि एका हातात मावणारे आखूड शस्त्र बहुतेकांनी दुरूनच पाहिलेले असते, आणि त्याविषयीच्या समजुती बहुधा चित्रपटांतून आलेल्या असतात. तेव्हा आज नेमबाजीविषयी नव्हे, तर एकाच प्रश्नाविषयी बोलावयाचे आहे : या शस्त्रात काडतूस नेमके कोठे बसलेले असते?

आपल्या दोननळी बंदुकीपासून प्रारंभ करू. ती मधून मोडली की दोन्ही नळ्या आरपार दिसतात. भरलेली की रिकामी, हे डोळ्यांनीच कळते. रिव्हॉल्व्हर याच जातीचे, असे म्हटले तरी चालेल. त्यात नळीच्या मागे एक फिरते चक्र असते आणि त्या चक्रात बहुधा पाच किंवा सहा घरे असतात. प्रत्येक घरात एक काडतूस. चाप ओढला की चक्र एक घर पुढे सरकते, घोडा मागे जाऊन आपटतो आणि बार उडतो. सॅम्युअल कोल्ट या अमेरिकन गृहस्थाने १८३६ साली अमेरिकेत या रचनेचे पेटंट घेतले. तत्त्व आजही तेच आहे. कानपूरच्या कारखान्यात तयार होणारे ३२ बोअरचे रिव्हॉल्व्हर जुन्या वेब्ली घडणीचे असून आपल्या दोननळीप्रमाणेच मधून मोडते. इतर बहुतेकांचे चक्र डाव्या बाजूस बाहेर येते. कसेही उघडले तरी सर्व घरे एकदम नजरेस पडतात.

पिस्तुलाची गोष्ट निराळी. त्यातील काडतुसे मुठीत बसणाऱ्या मॅगझिनमध्ये एकावर एक रचलेली असतात. वरचा सरकता भाग मागे ओढून सोडला की सर्वांत वरचे काडतूस नळीच्या मागील कोठ्यात जाऊन बसते. बार झाल्यावर त्याच्याच धक्क्याने रिकामे टरफल बाहेर फेकले जाते आणि पुढचे काडतूस आपोआप कोठ्यात येते. पोलीस व लष्कराने दीर्घकाळ वापरलेल्या ईशापूरच्या ९ मिलिमीटर पिस्तुलाच्या मॅगझिनमध्ये अशी १३ काडतुसे मावतात.

आता खरा धोका पाहा. मॅगझिन काढून टेबलावर ठेवले की मनुष्य निर्धास्त होतो. ‘रिकामे आहे’ असे म्हणून तो चाप ओढतो. परंतु कोठ्यातील काडतूस मॅगझिनबरोबर बाहेर येत नाही. ते जागच्या जागी असते आणि बाहेरून दिसत नाही. काही पिस्तुलांत मॅगझिन काढल्यावर चाप चालत नाही हे खरे. पण पुष्कळांत तो चालतो, आणि वरून पाहून हा भेद कळत नाही. सरकता भाग मागे ओढून कोठा डोळ्यांनी पाहिल्याखेरीज पिस्तूल रिकामे मानता येत नाही, आणि ते काम जाणकाराचेच. शिवाय नळी आखूड. लांब बंदूक वळवावयास खांदा वळवावा लागतो. येथे मनगट किंचित वळले की नळीचे तोंड शेजाऱ्याकडे.

बोअरविषयीही घोटाळा होतो. १२ बोअरपेक्षा ३२ बोअर मोठी असावी, असे काहींना वाटते. वस्तुतः १२ बोअरच्या नळीचा व्यास सुमारे साडेअठरा मिलिमीटर असतो. पिस्तुलाच्या बाबतीत ३२ म्हणजे इंचाचे शंभरांश ३२ भाग, म्हणजे जेमतेम आठ मिलिमीटर. आणि ३२ बोअरच्या रिव्हॉल्व्हरचे काडतूस व ३२ बोअरच्या पिस्तुलाचे काडतूस हीदेखील एक नव्हेत; आकडा सारखा म्हणून अदलाबदल करू नये.

गावठी कट्ट्याविषयी थोडक्यात. तो बहुधा एकबारी असतो. हाती लागेल त्या पाइपाची नळी बारासरशी चालवणाऱ्याच्या हातातच फुटू शकते. त्याला परवाना मिळत नाही. तो जवळ बाळगणे हाच १९५९ च्या शस्त्र अधिनियमाखाली गुन्हा आहे. परवान्याच्या शस्त्रांची कमाल संख्या २०१९ च्या दुरुस्तीने तीनवरून दोनवर आली आणि परवान्याची मुदत पाच वर्षे झाली. लग्नसमारंभात आनंदाने बार उडवून कोणाचे जीवित धोक्यात आणल्यास दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही, अशी तरतूदही त्याच दुरुस्तीने झाली.

शिक्षक बंधुभगिनींना एक विनंती. मुलाच्या दप्तरात किंवा शाळेच्या आवारात असे काही आढळल्यास ते खेळणे आहे की खरे, याची परीक्षा करत बसू नये. उचलू नये, मॅगझिन काढावयास जाऊ नये. मुलांना दूर न्यावे, ११२ क्रमांकावर कळवावे आणि पोलीस येईपर्यंत एका मोठ्या माणसाने अंतरावर उभे राहून त्या जागेवर लक्ष ठेवावे. पंचनाम्यासाठीही वस्तू जेथे पडली तेथेच असणे उपयोगी ठरते.