तालमीच्या अंगणातील फुटबॉल



सुरतेच्या उधना आणि लिंबायत या भागांत मराठी वस्ती मोठी आहे. यंत्रमागांवर व रंगाई-छपाईच्या गिरण्यांत काम करण्यासाठी खानदेशातून आलेली ही कुटुंबे आता येथलीच झाली आहेत. त्या बाजूस एका संध्याकाळी मोकळ्या जागेत दहा-बारा मुले फुटबॉल खेळताना मला दिसली. विटांचे दोन-दोन ढीग रचून त्यांनी गोल केले होते. खेळ संपल्यावर त्यांतला एकजण जवळ येऊन म्हणाला, "काका, आम्हाला क्लब काढायचा आहे. सुरुवात कुठून करायची? पैसे किती लागतील?"

त्या वेळी मला नीट उत्तर देता आले नाही. त्यानंतर मात्र तो प्रश्न मनात घोळत राहिला आणि माझे लक्ष कोल्हापूरकडे वळले. देशातील मोठ्या व्यावसायिक लीगमध्ये ज्यांचे नाव नाही, असे क्लब पिढ्यान्‌पिढ्या कसे जगतात, हे पाहावयाचे असेल तर मराठी मुलखात कोल्हापूरइतके चांगले उदाहरण दुसरे नाही.

तेथल्या संघांची नावेच पाहा. पाटाकडील तालीम मंडळ, खंडोबा तालीम मंडळ, बालगोपाल तालीम मंडळ, दिलबहार तालीम मंडळ. खेळ फुटबॉलचा आणि नावात मात्र तालीम! परक्या माणसाला याचे नवल वाटते. पण या एका शब्दातच त्या क्लबांचा सारा इतिहास साठवलेला आहे.

राजर्षी शाहू महाराज १८९४ साली गादीवर आले आणि १९२२ पर्यंत त्यांनी राज्य केले. कुस्तीला त्यांनी जो आश्रय दिला, त्याची साक्ष १९१२ साली बांधून झालेले खासबाग मैदान आजही देत आहे. पेठेपेठेत तालमी होत्या. लाल मातीचा हौदा, मारुतीची मूर्ती आणि पहाटे जोर-बैठका काढणारी पोरे, हे तालमीचे बाह्य रूप होय. पण तालीम म्हणजे केवळ व्यायामाची जागा नव्हे. पेठेतली भांडणे तेथे मिटत, उत्सवाची वर्गणी तेथे ठरे, आणि कोणाच्या घरी अडचण आली तर पहिली धाव तेथल्याच पोरांची असे.

फुटबॉल आपल्याकडे आणला तो इंग्रज पलटणींनी. सिमल्यात १८८८ साली ड्युरँड चषकाचे आणि मुंबईत १८९१ साली रोव्हर्स चषकाचे सामने सुरू झाले. १९११ साली कलकत्त्याच्या मोहन बागानने ईस्ट यॉर्कशायर पलटणीच्या संघाला हरवून आय. एफ. ए. शील्ड जिंकली, तेव्हा हा खेळ साहेबाचाच आहे ही समजूत मोडली. कोल्हापुरात हा चेंडू आला तो तालमीच्या अंगणात येऊन पडला. पोरे तयार होती, वडीलधारी माणसे पाठीशी होती. नवीन क्लब काढण्याची गरजच उरली नाही. १९४० साली कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशन ही संस्था स्थापन झाली आणि सामन्यांना शिस्त लागली. आज शाहू स्टेडियमवर सामना असला म्हणजे दोन्ही पेठांतली माणसे पायऱ्यांवर येऊन बसतात. जो हरला त्याला रात्री घरी जाताना आपल्याच गल्लीत तोंड दाखवायचे असते!

खेळ तालुक्यापर्यंतही पोहोचला आहे. गडहिंग्लज हे काही मोठे शहर नव्हे. पण तेथे दिवाळीत एम. आर. हायस्कूलच्या मैदानावर फुटबॉलची स्पर्धा भरते आणि बाहेरच्या प्रांतांतले संघ तीत खेळतात. कोल्हापूरचा अनिकेत जाधव २०१७ साली सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला आणि निखिल कदम मोहन बागानपर्यंत पोहोचला. अर्थात् असे खेळाडू थोडेच. बाकीचे नोकरी-धंदा सांभाळून पेठेसाठी खेळतात, आणि क्लब टिकतो तो मुख्यतः त्यांच्याच जिवावर.

ही गोष्ट केवळ आपल्याकडचीच आहे असे नाही. इंग्लंडातील शेफील्ड फुटबॉल क्लब १८५७ साली स्थापन झाला. आजही चालू असलेला तो जगातला सर्वांत जुना फुटबॉल क्लब मानला जातो. तो जन्मला क्रिकेट क्लबच्या सभासदांमधून. हिवाळ्यात अंगाला व्यायाम हवा म्हणून त्यांनी हा खेळ धरला. त्याला स्वतःचे मैदान मिळाले ते थेट २००१ साली, आणि आजही तो खालच्या दर्जाच्या लीगमध्येच खेळतो. मैदान नाही, पैसा नाही, मोठे नाव नाही. तरी दीडशे वर्षांहून अधिक काळ क्लब उभा आहे. कारण माणसे आधी एकत्र होती, चेंडू मागाहून आला.

पण या चित्राची दुसरी बाजू झाकून ठेवणे योग्य होणार नाही. ज्या पेठेच्या अभिमानाने हे संघ जगवले, त्याच अभिमानाने कित्येकदा त्यांचा घातही केला आहे. प्रेक्षकांच्या हुल्लडीने सामने थांबले आहेत, दगड भिरकावले गेले आहेत, मैदानावरचे वैर रस्त्यावर आले आहे. आफ्रिकेतील देशांतून खेळाडू आणण्याची चढाओढही लागली. त्याने खेळाचा दर्जा वाढला असे म्हणणारे आहेत. पण परका खेळाडू मैदानात उतरतो तेव्हा गल्लीतला एक मुलगा बाहेर बसतो, हेही तितकेच खरे. तालमीत वस्ताद असे. त्याचा डोळा वर झाला की पोरे गप्प बसत. पायऱ्यांवरच्या गर्दीला वस्ताद नाही. तालमीतून फुटबॉल आला, पण वस्तादाचा धाक मागेच राहिला. कोल्हापूरच्या जाणत्या मंडळींपुढे आज हाच मोठा प्रश्न आहे.

आता त्या मुलाच्या प्रश्नाचे उत्तर देतो. बाळा, क्लबची सुरुवात पैशापासून होत नाही. तुमच्या वस्तीत माणसे आधीच कोठे जमतात ते पाहा. सुरतेत मराठी वस्त्यांतून गणेशोत्सव होतात, महापालिकेच्या मराठी शाळा आहेत. तेथे जा. यंत्रमागावर बारा-बारा तासांची पाळी करणारा बाप मैदानावर येऊ शकणार नाही. पण मंडळातला एखादा निवृत्त गृहस्थ, शाळेतला एखादा शिक्षक संध्याकाळी तासभर नक्की येईल. त्याला तुमचा वस्ताद करा. त्याने 'घरी जा' म्हटले की घरी जायचे, हा नियम पहिल्या दिवशीच ठरवा. चेंडू वर्गणीतून येईल. जर्सी पुढल्या वर्षी आली तरी चालेल.

विटांचे गोल आहेत तेच तूर्त राहू द्या. खेळून झाले की विटा मात्र ज्याच्या त्याला परत करा. उद्या तोच माणूस तुमचा सामना बघायला येणार आहे.