मंच मिळाला, सातबारा केव्हा?

(यवतमाळ जिल्ह्यातील कार्यकर्त्यांच्या शिबिरात दिलेल्या भाषणाचा मजकूर)



जानेवारी २०१९ मध्ये यवतमाळला ९२ वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरले. नयनतारा सहगल यांना दिलेले उद्घाटनाचे निमंत्रण मागे घेतले गेले आणि त्या मानाच्या जागी याच जिल्ह्यातील वैशाली येडे उभ्या राहिल्या. आत्महत्या केलेल्या शेतकऱ्याची पत्नी, अंगणवाडीत काम करून संसार ओढणारी ही स्त्री. त्याच वर्षी त्यांनी यवतमाळ-वाशीम मतदारसंघातून लोकसभेची निवडणूक लढविली. त्या हरल्या, भावना गवळी पाचव्यांदा लोकसभेवर गेल्या. ज्या जिल्ह्याचे नाव देशभर शेतकऱ्यांच्या मरणामुळे घेतले जाते, तेथील राजकारणात स्त्री आता पाहुणी राहिलेली नाही, एवढे यातून निश्चित दिसते.

गावपातळीवरचा बदल याहून खोल आहे. १९९३ च्या ७३ व्या घटनादुरुस्तीने पंचायतीत स्त्रियांना एकतृतीयांश जागा दिल्या. महाराष्ट्राने २०११ मध्ये त्या निम्म्या केल्या. ‘सरपंचपती’ या शब्दावर हसणे सोपे आहे. परंतु त्या खुर्चीमागे नवरा का उभा राहू शकतो, याचे उत्तर बाईच्या अंगच्या गुणांत शोधण्यापेक्षा मालमत्तेच्या वाटणीत शोधणे अधिक शास्त्रीय ठरेल.

या जिल्ह्याचे मुख्य पीक कापूस. सरकी लावणे, निंदण, वेचणी ही कंबर मोडणारी कामे बहुतांशी बायाच करतात. तरीही सरकारदरबारी शेतकरी कोण? ज्याचे नाव सातबाऱ्यावर तो. पीककर्ज, पीकविमा, नुकसानभरपाई या सर्वांची वाट त्या एका कागदावरून जाते. आत्महत्याग्रस्त कुटुंब मदतीस पात्र की अपात्र हे ठरवितानाही सातबारा आणि कर्जाचा दाखलाच तपासला जातो.

कायद्याने विधवा ही पतीची पहिल्या वर्गाची वारस आहे. पण पुष्कळदा जमीन सासऱ्याच्या नावे असते आणि वाटणी झालेलीच नसते. जिथे नवऱ्याचेच नाव नव्हते, तिथे तिची वारसनोंद व्हायची कशी? महिला किसान अधिकार मंचाने २०१८ मध्ये विदर्भ-मराठवाड्यातील अशा ५०५ स्त्रियांची पाहणी केली. त्यांपैकी सुमारे ४० टक्के स्त्रियांना कसत असलेल्या जमिनीचा हक्क मिळालेला नव्हता. कर्ज मात्र वारसनोंदीची वाट पाहत नाही; सावकार थेट तिच्याच दारात येतो.

स्त्रीचे स्थान नवऱ्यावरून ठरविण्याची ही रीत केवळ आपली नाही. इंडोनेशियात सुहार्तो यांच्या राजवटीत सरकारी नोकरांच्या बायकांची ‘धर्म वनिता’ ही संघटना होती. नवऱ्याचा हुद्दा जेवढा मोठा, तेवढे संघटनेत बायकोचे पद मोठे. पुढे त्याच देशात २००१ मध्ये मेगावती सुकार्णोपुत्री राष्ट्राध्यक्ष झाल्या आणि २००३ च्या कायद्याने पक्षांना ३० टक्के स्त्री-उमेदवारांचा विचार करण्यास सांगितले. नवऱ्याच्या हुद्द्याची सावली हटल्यावाचून नागरिक म्हणून स्त्रीची गणना सुरू होत नाही, हा धडा तिकडचा तसाच इकडचाही.

हे अशक्य आहे काय? रोजगार हमीच्या हजेरीपटावर बाईचे नाव स्वतंत्रपणे लागले आणि मजुरीचा दर पुरुषाइतकाच ठरला. २००६ च्या वनहक्क कायद्यात विवाहित दावेदाराचा पट्टा पती-पत्नी दोघांच्या नावे देण्याची तरतूद आहे. झरी-जामणीच्या जंगलपट्टीतील कोलाम स्त्रीला जो हक्क कायद्याने मान्य केला, तो काळ्या मातीत राबणाऱ्या कुणब्याच्या वा बंजाऱ्याच्या घरातील स्त्रीला का नाकारावा? शरद जोशी यांच्या शेतकरी संघटनेशी समाजवाद्यांचे अर्थकारणावर तीव्र मतभेद होते. पण बायकोच्या नावे जमीन करण्याची त्यांची ‘लक्ष्मीमुक्ती’ची हाक मोलाची होती. तिची मर्यादा एवढीच, की ती नवऱ्याच्या मर्जीवर अवलंबून राहिली. डॉ. स्वामिनाथन यांनी राज्यसभेत मांडलेले महिला शेतकरी हक्क विधेयक तर चर्चेवाचून व्यपगत झाले.

२०२४ मध्ये ‘लाडकी बहीण’ योजनेतून स्त्रियांच्या खात्यात महिना १,५०० रुपये येऊ लागले. ज्या घरात तेलमिठासाठी हात पसरावा लागतो, तिथे ही रक्कम क्षुल्लक म्हणण्याचा अधिकार कोणाला नाही. परंतु अनुदान देणारे सरकार ते बंदही करू शकते. जमिनीवरील नाव असे एका निर्णयाने पुसता येत नाही.

म्हणून मागणी स्पष्ट हवी. सातबाऱ्यावर पती-पत्नीचे संयुक्त नाव कायद्याने बंधनकारक करावे. अविभक्त जमिनीतील विधवेच्या हिश्श्याची नोंद गावातच शिबिर घेऊन मुदतीत व्हावी. कर्ज आणि भरपाईसाठी कसणारीला शेतकरी मानावे. भूमिहीन बाईला वेचणीची रास्त मजुरी मिळावी.

डॉ. लोहियांनी सप्तक्रांतीत स्त्री-पुरुष समतेचा समावेश केला होता. या जिल्ह्यात त्या क्रांतीचे काम तलाठ्याच्या दप्तरापासून सुरू होते. प्रत्येक कार्यकर्त्याने आपल्या गावातील विधवांच्या वारसनोंदींची यादी करावी आणि ती घेऊन तहसीलीवर जावे. सुरुवात स्वतःच्या घरच्या सातबाऱ्यापासून केली, तर गाव ऐकेल.