नाव न कोरता येणारी देणगी



दरवर्षी या सभेत आम्ही नव्या यंत्रांचा उल्लेख अभिमानाने करतो. आज मात्र सहसा नजरेत न भरणाऱ्या एका खर्चाविषयी बोलणे अगत्याचे वाटते.

अपुऱ्या मात्रेमुळे जंतू पेनिसिलिनला दाद देईनासे होतील, असा इशारा अलेक्झांडर फ्लेमिंग यांनी १९४५ सालीच नोबेल व्याख्यानात दिला होता. तो खरा ठरला. २०१९ या एका वर्षात औषधांना न जुमानणाऱ्या जंतूंमुळे जगभरात सुमारे १२ लाख ७० हजार मृत्यू झाल्याचा अंदाज आहे.

अतिदक्षता विभागात क्लेबसिएलासारखे जंतू कर्मचाऱ्यांच्या आणि भेटीस आलेल्या आप्तांच्या हातांवरून एका खाटेकडून दुसरीकडे जातात. शस्त्रक्रिया यशस्वी होऊनही जंतुसंसर्गाने रुग्ण गमावण्याचे दुःख आम्हीही अनुभवले आहे.

उपाय साधे आहेत: वेळोवेळी हात धुणे, कल्चर तपासणीनुसार प्रतिजैविक निवडणे, गरज संपताच नळ्या काढणे. यंत्रावर दात्याचे नाव कोरता येते. टळलेल्या संसर्गावर ते कोठे कोरणार? जमाखर्चातही त्याची नोंद होत नाही. तरीही यंदा कल्चर तपासणीसाठी आणि प्रत्येक खाटेजवळील सॅनिटायझरसाठी आम्ही आपणापुढे हात पसरत आहोत.

कुटुंबीयांना विनंती, की डॉक्टरांनी प्रतिजैविक दिले नाही तर ती हयगय मानू नये आणि रुग्णास भेटण्यापूर्वी हात अवश्य धुवावेत. ही देणगीही आम्हांस तितकीच मोलाची आहे.