मानीव दिनांक: हक्क आणि मुदत

नवं वर्ष उजाडलं की सरकारी कार्यालयांत एका यादीची चर्चा सुरू होते: 1 जानेवारीच्या स्थितीची ज्येष्ठता यादी. आधी तात्पुरती, मग हरकती, मग अंतिम. वेल्ह्यातल्या केळद-पासलीच्या शिक्षकापर्यंत किंवा भोरमधल्या हिर्डोशीच्या तलाठ्यापर्यंत ती पोचते ती बहुधा मोबाईलवरच्या पीडीएफच्या रूपात, आणि तोवर हरकतीचे काही दिवस सरलेले असतात. आपलं नाव आहे एवढं पाहून मोबाईल खिशात जातो. खरं पाहायचं असतं ते नावापुढच्या रकान्यांत: नियुक्तीचा दिनांक, परीक्षा उत्तीर्ण झाल्याचा दिनांक, शेरा. पुढे मंडळ अधिकारी कोण होणार, मुख्याध्यापक कोण होणार, हे त्या रकान्यांत ठरत असतं.

समजा, एका तलाठ्यानं दुय्यम सेवा परीक्षा ठरलेल्या मुदतीत आणि ठरलेल्या संधींत उत्तीर्ण केली, पण निकालाची नोंद सेवापुस्तकात चढलीच नाही. यादी करणाऱ्यानं कोरा रकाना पाहिला आणि त्याला खाली ढकललं. मागून आलेला कनिष्ठ आधी मंडळ अधिकारी झाला. चूक सर्वस्वी कार्यालयाची. अशा वेळी मागायचा असतो तो मानीव दिनांक, म्हणजे कनिष्ठाला ज्या तारखेला बढती मिळाली त्याच तारखेला आपल्यालाही ती मिळाली असं मानण्याचा आदेश. महाराष्ट्र नागरी सेवा (ज्येष्ठतेचे विनियमन) नियम 1982 साली आले, त्यांच्या जागी 2021 साली नवी नियमावली आली. मानीव दिनांकाचा अर्ज लिहिताना आपलं प्रकरण कोणत्या काळातलं आहे, हे आधी पाहावं.

भोर-वेल्ह्याच्या माणसाला पाटबंधारे खातं वेगळं सांगायला नको. भाटघर, नीरा देवघर, पानशेत, वरसगाव, गुंजवणी ही सगळी इथलीच धरणं. महाराष्ट्रातल्या पाटबंधारे आणि बांधकाम खात्यांच्या उपअभियंत्यांनी आपसांत जो दीर्घ वाद घातला, त्यातून देशभरचा ज्येष्ठतेचा कायदा घडला, ही गोष्ट मात्र फार थोड्यांना माहीत असते. एका बाजूला थेट भरतीचे, दुसऱ्या बाजूला बढतीनं वर आलेले. जुन्या नियमात थेट भरतीवाल्याची ज्येष्ठता नेमणुकीपासून धरत आणि बढतीवाल्याची तो कायम झाल्यापासून. कायम करणं सरकारच्या मर्जीवर. माणूस वर्षानुवर्षं तेच काम करी, पद रिकामं असे, तरी कायमचा आदेश निघत नसे, आणि तेवढ्यात नवा थेट भरतीवाला त्याच्या डोक्यावर येऊन बसे. 1977 साली एस. बी. पटवर्धन खटल्यात न्यायमूर्ती यशवंतराव चंद्रचूड यांनी हा नियम समानतेच्या विरोधात ठरवला. बढतीनं आलेल्या हजारो माणसांना या निकालानं माणुसकीनं वागवलं, असंच म्हणायला हवं.

वाद तिथं संपला नाही. 1990 साली थेट भरतीच्या द्वितीय श्रेणी अभियंत्यांच्या संघटनेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठानं नियमांची घडी बसवली. नियमानुसार नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या दिवसापासून, कायम झाल्यापासून नव्हे. पण नियम डावलून, केवळ तात्पुरती सोय म्हणून बसवलेल्या माणसाला ते दिवस मिळणार नाहीत. म्हणून बढतीच्या आदेशात ‘तात्पुरती’, ‘तदर्थ’, ‘निवडसूचीच्या अधीन राहून’ असे शब्द आहेत का, हे आदेश हाती पडताच वाचावं.

मानीव दिनांकालाही मर्यादा आहे. पद रिकामं होतं, म्हणून त्या तारखेपासून बढती द्या, एवढ्यावर दावा टिकत नाही. मणिपूर पोलीस सेवेच्या मेघचंद्र सिंह प्रकरणात 2019 साली सर्वोच्च न्यायालयानं स्पष्ट केलं, की माणूस ज्या दिवशी संवर्गात आलाच नव्हता, त्या दिवसापासूनची ज्येष्ठता त्याला देता येत नाही. आपला हक्क डावलून कनिष्ठाला पुढे नेलं, हे कागदावर दाखवावंच लागतं.

पैशाचं काय? मानीव दिनांकाच्या आदेशांत बरेचदा शेवटी एक ओळ असते: वेतननिश्चिती काल्पनिक राहील, थकबाकी मिळणार नाही. ‘काम नाही तर वेतन नाही’ हे तत्त्व त्यामागे असतं. पण जानकीरामन खटल्यात 1991 साली न्यायालयानं म्हटलं, की काम करायला तयार असलेल्या माणसाला प्रशासनानंच दूर ठेवलं असेल, तर हे तत्त्व सरसकट लावता येत नाही. थकबाकी मिळेलच असं नाही, प्रत्येक प्रकरण वेगळं असतं. तरीही अर्जात ज्येष्ठता, वेतन आणि निवृत्तिवेतन या तिन्हींची मागणी वेगवेगळी लिहावी.

सगळ्यात जास्त प्रकरणं बुडतात ती उशिरामुळे. दरवर्षी स्मरणपत्र दिलं म्हणजे हक्क जिवंत राहतो, हा समज भोरपासून मंत्रालयापर्यंत पसरलेला आहे आणि तो चुकीचा आहे. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमानुसार अंतिम आदेशापासून एका वर्षात अर्ज करावा लागतो. निवेदनाला सहा महिन्यांत उत्तर आलं नाही, तर त्यापुढचं एक वर्ष. जुन्या निवेदनाला उशिरा मिळालेलं उत्तर मुदत नव्यानं सुरू करत नाही, हे सी. जेकब प्रकरणात 2008 साली ठरलं. उशिराला सबळ कारण असेल तर ते मांडता येतं, पण त्यावर भिस्त ठेवू नये. ज्यांची जागा खाली जाईल त्या सहकाऱ्यांनाही प्रतिवादी करावं लागतं. ते टाळलं तर चांगलं प्रकरणही पडू शकतं.

हरकत नेहमी लेखी द्यावी आणि आवक क्रमांकासह पोच घ्यावी. सोबत निकालपत्राची प्रत, सेवापुस्तकाच्या पानाची प्रत. विभागीय पदोन्नती समितीचं इतिवृत्त माहितीच्या अधिकारात मागता येतं. अर्जाचं शुल्क 10 रुपये, उत्तराची मुदत 30 दिवस.

आंतरजिल्हा बदली मागणाऱ्या शिक्षकांनी एक गोष्ट आधीच विचारात घ्यावी. वेल्ह्याच्या डोंगरी शाळेत कितीही वर्षं काढली, तरी स्वतःहून दुसऱ्या जिल्ह्यात गेल्यावर नाव तिथल्या यादीच्या तळाशी लागतं. आणि दार कोणतं ठोठावायचं, हेही नेमकं हवं. तलाठी राज्य शासनाचा कर्मचारी, त्याचं प्रकरण मुंबईच्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये जातं. जिल्हा परिषदेचे शिक्षक आणि ग्रामपंचायत अधिकारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत. त्यांनी आधी जिल्हा परिषदेच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांकडे दाद मागायची आणि तिथं न्याय मिळाला नाही, तर वेळ न दवडता उच्च न्यायालयात रिट याचिका करायची.