दरवाजा आणि वेस



जहरा गेटच्या चौकातून आपण नेहमी जातो. भिंत नसलेला तो दरवाजा मध्ययुगीन वाटतो, पण आहे १९२० सालचा. त्या वर्षी मे महिन्यात नज्दच्या इखवानांनी हम्द येथे कुवेती तुकडीचा पराभव केला. तेव्हा शेख सालेम अल-मुबारक यांच्या कारकिर्दीत रहिवाशांनी स्वतः राबून काही महिन्यांत शहराभोवती मातीचा तट उभारला. १९५७ साली नव्या शहरासाठी तट पाडला, दरवाजे तेवढे ठेवले. आजचा पहिला रिंग रोड साधारण तटाच्याच रेषेवरून जातो.

मी शास्त्रज्ञ, इतिहासकार नव्हे. पण एकच आकडा दोन ठिकाणी दिसला की मी थांबतो. तट पाडल्यावर दोनच वर्षांनी, १९५९ मध्ये, नागरिकत्वाचा कायदा आला. त्यानुसार मूळ कुवेती म्हणजे १९२० पूर्वीपासून इथे स्थायिक असलेले आणि कायदा आला तेव्हाही इथेच राहणारे. म्हणजे मातीचा तट गेला आणि त्याचे साल कायद्यात जाऊन बसले! ज्यांना आपला वास्तव्याचा हक्क कागदावर सिद्ध करता आला नाही, त्यांपैकी अनेकांचे वंशज आज 'बिदून' आहेत, कुठल्याच देशाचे नागरिक नाहीत. आपण इकाम्यावरचे लोक. नोकरी संपली तरी परतायला आपल्याला देश आहे.

आपल्याला हे नवीन नाही. गावोगावच्या वेशी ढासळल्या, तरी महारवाडा वेशीबाहेरच राहिला. म्हणून कुठलाही दरवाजा पाहताना तो कोणी बांधला याबरोबरच त्याच्या बाहेर कोण राहिले, हेही विचारू या.