चुकलेल्या न्यायालयांतील दिवस

वऱ्हाडांत जिल्ह्यांच्या सीमा एका जागीं स्थिर राहिलेल्या नाहींत. मूर्तिजापूर तालुका पूर्वीं अमरावती जिल्ह्यांत होता; १९०५ सालीं तो अकोल्याकडे गेला. त्याच फेररचनेंत वाशीमचा स्वतंत्र जिल्हा मोडला, आणि १९९८ सालीं अकोल्यांतून तो पुन्हां वेगळा निघाला. सीमा हलली कीं कचेरी बदलते, पण माणसाची संवय बदलत नाहीं. शेत मूर्तिजापुराकडे, बिऱ्हाड अमरावतीस, ओळखीचा वकीलहि अमरावतीचा. मग शेताच्या ताब्याचा दावा तेथेंच गुदरला जातो. वस्तुतः स्थावर मिळकतीचा दावा मिळकत जेथें असेल तेथील न्यायालयांतच चालावयाचा.

नुसती वाट चुकली असती तर परत फिरतां आलें असतें. परंतु तोंवर मुदत सरत असते, आणि मुदत टळलेला दावा, प्रतिवादीनें तसा मुद्दा न काढला तरी, न्यायालयास फेटाळावाच लागतो.

समजा, अमरावतीच्या एका व्यापाऱ्यानें अकोल्याच्या गिरणीवाल्यास सरकी उधार विकली. सौदा अकोल्यास, माल पोंचता अकोल्यास, पैसे द्यावयाचे तेही अकोल्यास. उधारीची मुदत ठरली नसल्यास किंमतीचा दावा माल पोंचल्यापासून तीन वर्षांचे आंत लावला पाहिजे. ‘आज देतों, उद्यां देतों’ यांत दोन वर्षें दहा महिने गेले. मग दावा लागला तो अमरावतीस. चवदा महिन्यांनीं न्यायाधीशांनीं अधिकार नाहीं म्हणून वादपत्र परत केलें. पंचांगाप्रमाणें चार वर्षें झालीं. व्यापारी बुडालाच म्हणावयाचा!

येथें १९६३ च्या मुदतीच्या कायद्याचें चवदावें कलम धांवून येतें. ही तरतूद नवी नव्हे. १८५९ च्या कायद्यांतहि ती होती. अधिकार नसलेल्या न्यायालयांत गेलेला काळ मुदतींतून वजा होतो. दावा दाखल झाल्याचा व निकालांत निघाल्याचा असे दोन्ही दिवस त्या वजावटींत येतात. म्हणजे व्यापाऱ्याचे चवदा महिने सुटले, आणि त्याचे पूर्वीचे उरलेले दोन महिने त्याला मिळाले. दोनच, हें मात्र विसरूं नये. परत मिळालेलें वादपत्र फडताळांत ठेवून तो तीन महिने स्वस्थ बसला तर कोणतेंहि कलम त्यास तारणार नाहीं. अकोल्यास जातो तो दावा नवाच समजला जातो.

ही सवलत सरसकट नाहीं. पहिलें काम दक्षतेनें व शुद्ध हेतूनें चालविलेलें असावें, त्याच प्रतिपक्षाविरुद्ध व त्याच मागणीसाठीं असावें, आणि तें अधिकाराच्या उणिवेमुळें किंवा तशाच कारणानें अडलेलें असावें. पुराव्याअभावीं हरलेल्यास हें दार बंद आहे. शुद्ध हेतूची व्याख्या तर लक्षांत ठेवण्याजोगी आहे. १८९७ च्या सर्वसाधारण वाक्खंड अधिनियमाप्रमाणें प्रामाणिकपणें केलेली गोष्ट निष्काळजीपणानें केली तरी शुद्ध हेतूचीच ठरते. मुदतीच्या कायद्यांत मात्र योग्य काळजी व लक्ष नसेल तेथें शुद्ध हेतु नाहीं. हें कडक वाटतें खरें, पण दुसऱ्या बाजूसहि एक माणूस ताटकळत असतो! प्रतिवादीनें पहिल्याच जबाबांत अधिकाराचा आक्षेप घेतला असूनहि वर्षानुवर्षें हट्ट धरणाऱ्या वादीस दक्ष म्हणणें न्यायाधीशांस कठीण जातें.

दावे व अर्ज यांनाच हें कलम लागतें. अपील चुकीच्या ठिकाणीं झालें तर पांचव्या कलमाखालीं विलंबाचें पुरेसें कारण दाखवावें लागतें. तें पांचवें कलम दाव्यास लागत नाहीं. लवादाच्या निवाड्यास आव्हान देण्याची मुदत तीन महिने, आणि वर फार तर तीस दिवस, इतकी अवघड. तरी तेथेंहि चवदावें कलम लागूं पडतें, असें सर्वोच्च न्यायालयानें २००६ सालीं गोवा राज्याच्या एका प्रकरणांत ठरविलें.

ज्याच्यावर हा प्रसंग आला असेल त्यानें नव्या वादपत्रांतच पहिल्या दाव्याच्या तारखा देऊन ही सूट स्पष्ट मागावी. दिवाणी प्रक्रिया संहितेंत तसें बंधन आहे. पहिल्या न्यायालयाचा दावा परत करण्याचा हुकूम व रोजनामा यांच्या सही-शिक्क्याच्या नकलाहि सोबत जोडाव्या, आणि वादपत्र परत मिळण्यापूर्वींच नव्या न्यायालयांत हजर राहण्याची तारीख नेमून घेण्याचा अर्ज करावा.